बाहीतली पांढरी बी

डोंगरावरच्या थडग्यांभोवतीचं गवत उपटून, उदबत्त्या विझेपर्यंत थांबून मंडळी खाली उतरली, तेव्हा सगळ्यांच्या बुटांना लाल चिखल होता आणि पोटात कावळे ओरडत होते. सिनेमाचा विषय सकाळपासून शुयिनसमोर कुणी काढला नव्हता. थोरल्या काकांनी नाही, धाकट्या काकांनी नाही, लीछिन वहिनीनंसुद्धा नाही. शुयिनला त्या गप्प बसण्यावरूनच कळलं, की हे सगळे जेवणाची वाट बघतायत.

पितरांच्या देवघराच्या अंगणात टेबलं मांडली होती. छिंगमिंगचे, पितरांच्या सणाचे, हिरवे उंडे वाफेतून नुकतेच काढले होते. वाळवलेल्या मोहरीच्या पाल्यात शिजलेलं डुकराचं मांस, कोवळे बांबू, नदीतल्या गोगलगाई, कोमट पिवळी दारू, सगळं जागच्या जागी. समोर नक्षीच्या छपराखाली जुना रंगमंच. त्याच्या खांबांवरचा लाल रंग दरवर्षी नवा चढायचा. या मंचावर शंभर नाटकं झाली होती, पण एक कधीच झालं नव्हतं आणि होणारही नव्हतं. शुयिन नेमका त्याच गोष्टीचा सिनेमा लिहीत होती.

गोष्ट पंचक्रोशीत कुणालाही विचारा. तीनशे वर्षांपूर्वीच्या ग्रंथात ती आहे, आणि ग्रंथ न वाचलेल्यांना ती नाटकातून पाठ आहे. न्यायाधीश रुआन शौयी एका चांदण्या रात्री हजार वर्षं जगलेल्या कोल्हिणीशी काळ्या-पांढऱ्या गोट्यांचा पट खेळला. ती जिंकली तर त्यानं तुरुंगातले मीठ विकणारे गरीब सोडायचे. तो जिंकला तर तिनं आपला मोती द्यायचा, ज्या मोत्यात तिचा जीव. कोल्हीण चंद्राकडे बघत असताना रुआननं तिची एक पांढरी गोटी बाहीत लपवली. मोती त्याला मिळाला. ती साधी कोल्ही होऊन रानात गेली आणि त्याच हिवाळ्यात मेली.

त्या रुआनचं हे खानदान. तेव्हापासून रुआनच्या गावात तो पट कुणी खेळत नाही. शेजारच्या गावात ते नाटक लागलं, की रुआनांना नेमकी त्याच दिवशी सर्दी होते. आणि दरवर्षी छिंगमिंगला, पहिला प्याला ओतायच्या आधी, खानदानातला थोरला माणूस लांब बाह्यांचा जुना झगा घालून शौयीच्या नावाच्या पाटीसमोर उभा राहतो आणि त्याच्या बाजूनं एक नवा मुद्दा मांडतो. मागच्या वर्षीचा मुद्दा चालत नाही. एकदा मांडला की संपला.

थोरल्या काकांचे, म्हणजे रुआन बिंगवेन यांचे, मुद्दे संपत आले होते हे सगळ्यांना माहीत होतं. गेल्या खेपेला ते म्हणाले होते, की पूर्वजाची दृष्टी अधू होती, त्याला ती गोटी बटण वाटली. लोकांनी मान डोलावली होती, पण तोंडावर हात ठेवून.

आज ते उभे राहिले, घसा खाकरला आणि म्हणाले, "हजार वर्षांची कोल्हीण. जिला भिंतीपलीकडचं दिसतं. तिच्या डोळ्यांदेखत, तिच्याच समोरची गोटी उचलली जाते आणि तिला कळत नाही? शक्य तरी आहे का? माणसानं चोरी केली म्हणायची तर आधी ती करता यायला हवी!"

"वा!" धाकटे काका म्हणाले. "यंदाचा दमदार आहे."

थोरल्या काकांनी प्याला ओतला आणि ते तिथूनच, बसायच्या आधी, शुयिनकडे वळले. "ऐकलंस ना? आता हेच लिही. गोटी बाहीत गेलीच नाही. तसं लिहिणार असशील तर हे देवघर तुझ्या सिनेमावाल्यांना मिळेल. नाहीतर त्यांनी आपले खांब पुठ्ठ्याचे करून घ्यावेत."

"काका, चोरीच काढली तर उरतं काय? दोघं बसले, खेळले, आपापल्या घरी गेले!"

"मग? चांगल्या माणसांनी तसंच करावं."

शुयिननं हिरवा उंडा उचलला आणि तसाच खाली ठेवला. हांगचौहून निघताना निर्मात्या निए बाईंनी तिला स्पष्ट सांगितलं होतं. रुआनांचं खरंखुरं देवघर मिळालं, चोराच्या घरच्यांनीच चोरीला जागा दिली, ही जाहिरात झाली, तर पटकथा तुझी, तू लिहिलीस तशी. संध्याकाळपर्यंत होकार नाही आला, तर चित्रीकरण स्टुडिओत आणि पटकथा दुसऱ्या लेखकाकडे. तो दुसरा लेखक तयारच बसला होता. त्याच्या डोक्यात न्यायाधीश राक्षसराजाचा मुलगा होता, कोल्हिणीशी तीन जन्म भेटणारा, उडत्या तलवारींवर उभा राहून. त्याला कोल्हिणीला नऊ शेपट्या हव्या होत्या. खर्च बघून तो तीनवर आला होता.

दोन वर्षं शुयिननं या गोष्टीशिवाय काही लिहिलं नव्हतं. तिला तलवारी नको होत्या. तिला फक्त ती एक रात्र हवी होती, आणि त्या रात्रीतली चोरी.

---

धाकट्या काकांनी, म्हणजे बिंगछ्वान यांनी, सकाळी डोंगरावर थोरल्या भावाला सांगितलं होतं, "दादा, तू म्हणशील ते." तेव्हा त्यांना आपल्या खानावळीच्या दारातलं दादाच्या जमिनीवरचं पार्किंग डोळ्यांसमोर होतं. पण आता दारू पोटात गेली होती आणि समोर खानावळीच्या, पर्यटकांसाठीच्या पाच रिकाम्या खोल्या दिसत होत्या.

"दादा, राग नको धरू," ते म्हणाले, "पण चोरी ठेवू या. किंबहुना वाढवू या. एक गोटी काय, मूठभर लपवू दे!"

"काय?"

"लोक प्रामाणिक माणसाचं घर बघायला येत नाहीत रे. चोराचं बघायला येतात. मी तर बाहीच्या आकाराचा पावच करणार आहे. वाफवलेला. आत काळ्या तिळाचा गोळा. फोडला की गोटी बाहेर!"

"पितरांसमोर बोलतोयस!"

"पितरांनाही खायला देऊ की दोन."

लीछिन वहिनी, थोरल्या काकांची सून, गावच्या शाळेत गणित शिकवायची. तिनं वाटी खाली ठेवली. "काका, तुमच्या पावांपायी माझ्या पोराचं काय होतं ठाऊक आहे? वर्गात कुणाचं खोडरबर हरवलं, की आधी त्याच्या बाह्या झटकतात. शुयिन, चोरी ठेव, पण चुकून झाली असं कर. वाऱ्यानं गोटी बाहीत गेली. झालं!"

"वारा गोट्या उचलतो का गं?"

"तुझा सिनेमा जादूचा आहे ना? मग उचलेल!"

"सूनबाई, तू माझ्या बाजूची की त्याच्या?" थोरले काका गरजले.

"मी माझ्या पोराच्या बाजूची."

टेबलाच्या टोकाला थोरली काकू इतका वेळ बिया फोडत बसली होती. कलिंगडाच्या काळ्या, भोपळ्याच्या पांढऱ्या. दातांत धरून टचकन फोडायची आणि टरफल ओठांवरच ठेवून पुढची घ्यायची, अशी तिची सवय. लग्नाआधी ती बायकांच्या नाटकमंडळीत गायची आणि तिच्या नावानं गर्दी लोटायची ती त्याच नाटकाला. ती कोल्हीण करायची. रुआनांच्या घरात आल्यावर त्या गाण्याचा सूरही तिनं काढला नव्हता. भांडी घासतानाही नाही.

"अहो," ती म्हणाली, "करता येत नाही म्हणता ना? मग करून बघू या."

"काय करून?"

"चोरी. मी कोल्हीण. तुम्ही पूर्वज. झगा अंगात आहेच तुमच्या. मी चंद्राकडे बघीन, तुम्ही माझी एक गोटी उचलून दाखवा. एवढे डोळे बघतायत. पकडले गेलात, तर तुमचा मुद्दा खरा. शुयिन लिहील तुम्ही म्हणाल तसं. नाहीतर चोरी राहील."

"काकू!" शुयिन ओरडली.

"तू गप बस गं."

"रुआन पटाला हात लावत नाही," थोरले काका म्हणाले.

"पट कुठाय? हे मेणकापड आहे. आणि ह्या गोट्या नाहीत. बिया आहेत."

मेणकापड चौकटीचं होतं, निळ्या रेघांचं. धाकट्या काकांनी ताटं बाजूला केलीसुद्धा. त्यांना कुणाची बाजू घ्यायची हे अजून ठरत नव्हतं, पण मजा कुठं आहे हे कळत होतं.

---

लीछिन वहिनीनं दोघांना बिया मोजून दिल्या. बिंगवेन यांनी काळ्या घेतल्या. पकडलं जायचं, बस्स. एक वेडीवाकडी उचल करायची, सगळ्यांनी बोट दाखवायचं, मुद्दा सिद्ध. पूर्वज सुटला. कुणालाही ठाऊक नव्हतं, की गेली तीन वर्षं ते रोज दुपारी पांघरुणाखाली फोनवर हाच पट खेळत होते, 'पहाडी म्हातारा' या नावानं. छंगतू शहरातल्या एका दंतवैद्याला त्यांनी लागोपाठ हरवलं होतं. तेव्हा खेळताखेळता बायकोला हरवलं तर बिघडलं काय, असंही त्यांच्या मनात होतं.

नियम साधे होते. चहूकडून घेरलेली बी उचलायची. शेवटी ज्याचं राज्य मोठं, तो जिंकला.

थोड्याच वेळात त्यांच्या कपाळावर घाम आला. बाई खेळत होती! नाटकात नुसता हात हलवायचा नसतो, मंडळीतल्या म्हाताऱ्या गुरूनं तिला खराच पट शिकवला होता, हे त्यांना आज कळत होतं. तिच्या पांढऱ्या बिया अंगणात चिमण्या उतरतात तशा उतरल्या, इकडं एक, तिकडं एक, आणि बघताबघता त्यांचा अख्खा कोपरा वेढला गेला. मधल्या एका चौकटीत तिची एकच बी होती. ती नसती तर त्यांना वाट होती. ती होती म्हणून काळ्यांचा श्वास कोंडला होता.

आणि मग काकूनं मान वर केली. दुपारच्या वेळी चंद्र कुठला? वाशांमध्ये एक पाकोळी घरटं बांधत होती. काकू तिच्याकडे बघत गाऊ लागली, हळूच, घरातल्या घरात गातात तसं:

*चांदणं उतरे पटावरी, काळं-पांढरं एक होई,*
*कोण जिंके, कोण हारे, पाहुण्या रे, घाई नाही.*

अंगणात दुसरं कुणी बी फोडेना. आवाज जुना झाला होता, कडेला थोडा उसवला होता, पण मधोमध तसाच भरलेला होता, विहिरीत पाणी असतं तसा. बिंगवेन यांना तो आवाज ऐकायचा होता आणि त्यांना तो कोपराही वाचवायचा होता. दोन्ही एकदम कसं करायचं हे त्यांना कळेना. पकडलं जायचं, वेडीवाकडी उचल करायची, हे सगळं ते साफ विसरले.

त्यांचा हात बाहीतून पुढं गेला आणि मागं आला. इतकंच.

मधली चौकट रिकामी झाली. कुणालाही दिसलं नाही.

---

"मोजा," काकू म्हणाली आणि तिनं मान खाली घेतली.

लीछिन वहिनीनं मोजलं. पुन्हा मोजलं. "मामंजी जिंकले."

"बघ!" थोरले काका उठून उभे राहिले. "उचलायची गरजच पडली नाही! चोरी न करता जिंकता येतं! प्रामाणिक माणूस जिंकतो! लिही, शुयिन!"

शुयिननं फोन टेबलावर पालथा घातला. निए बाईंना काय सांगायचं हे ती मनात जुळवू लागली.

"थांबा," वहिनी म्हणाली. ती कुणाच्या बाजूनं नव्हती, ती हिशेबाच्या बाजूनं होती. "सासूबाईंच्या बिया जमत नाहीत. आरंभी वाटून दिल्या त्यातल्या पटावर आहेत त्या, हातात उरल्या त्या अधिक मामंजींनी घेरून उचलल्या त्या... पंधरा कमी पडतायत."

"पंधरा!" धाकट्या काकांचे डोळे चमकले. "दादा, बाही झटक."

"काय समजतोस मला?"

"झटक की!"

"पितरांसमोर माझी झडती घेणार?"

"पितरांनाच बघायचंय."

धाकट्या काकांनी बाही धरली, थोरल्यांनी ओढली, शिवण टरकन उसवली आणि एक पांढरी बी दगडी फरशीवर पडली. टिक. एवढासा आवाज, पण शौयीच्या पाटीपर्यंत गेला असेल.

थोरल्या काकांनी तिच्यावर पाय ठेवला, पण उशीर झाला होता.

"आणि बाकीच्या?" धाकटे काका गुडघ्यांवर बसून झग्याची किनार चाचपू लागले. "चौदा कुठं आहेत? दादा, बुटात घातल्यास काय?"

"एकच घेतली!" काका किंचाळले. "शपथ! एकच!"

हा रुआनांच्या तीनशे वर्षांतला पहिला कबुलीजबाब. तो ऐकून पोरंटोरं आनंदानं ओरडली. थोरले काका मात्र घाबरले होते, कारण एकीचा आळ खरा आणि चौदांचा खोटा होता.

तेवढ्यात काकू हसायला लागली. आधी खांदे, मग सगळी. तिनं मांडीवरचा रुमाल उचलून टेबलावर उलटा केला. पांढऱ्या टरफलांचा ढीग सांडला.

"ह्या... ह्या तुझ्याच बिया की!" थोरले काका म्हणाले.

"मग काय तुमच्या खाऊ?"

"पटावरच्या आपल्याच बिया खाल्ल्यास? म्हणजे... तू मुद्दाम हरत होतीस?"

"तुम्हाला जिंकवत होते. तुमचं लक्ष तुमच्या कोपऱ्यात. वर बघितलं असतंत तर दिसलं असतं, की बाई गातेय आणि मधूनच चावतेय. एवढी वाट मोकळी केली तुम्हाला, आणि तुम्ही चोरी केलीत! जे मी ताटात वाढतच होते, ते!"

"मग आधी सांगायचं!"

"सांगून हरण्यात काय मजा?"

शुयिन टेबलाजवळ सरकली. "काकू, नाटकात असं आहे?"

"नाटकात कुठलं. नाटकात ती फसते आणि रडते. पण मी तसं नाही करायचे. गाण्याच्या वेळी बाहीआड आपलीच एक गोटी आधी काढून ठेवायचे. लोकांना दिसायचं नाही. गुरूला सापडलं तेव्हा त्यानं कान धरला माझा."

"का करायचीस?"

काकूनं एक टरफल बोटानं बाजूला सारलं. "त्याशिवाय पुढचं रडणं घशातून येईना गं. फसले म्हणून किती रडायचं? बाजारात रोजच फसतो आपण. पण हजार वर्षांत पहिल्यांदा कुणी पाहुणा येऊन बसलाय, त्याला जिंकलेलं बघावं असं मनात आलंय, मोती तळहातावर काढूनच ठेवलाय... आणि त्यानं तोच चोरला. आता रड म्हणा. रात्रभर रडते."

शुयिनला तिचाच लिहिलेला प्रसंग आठवला. हजार वर्षांच्या कोल्हिणीला चोरी का दिसत नाही, या प्रश्नावर तिनं धुकं पसरवलं होतं. चंद्रावर ढग आणला होता, दरीतून वाफ उठवली होती, संगणकवाल्यांकडून काजवे सोडायचे ठरवले होते. दोन वर्षं. आणि उत्तर इथं बिया खात बसलं होतं.

"म्हणजे चोरी झालीच नाही!" धाकटे काका म्हणाले. "देणाऱ्याची काय चोरी?"

"उलट दुप्पट झाली," वहिनी म्हणाली. "मोतीही गेला आणि देणंही गेलं."

"मग पोरांना वर्गात काय म्हणतील?" धाकट्या काकांनी विचारलं.

"म्हणतील, तुझा पूर्वज चोर नव्हता, मठ्ठ होता." वहिनीनं वाटी पुन्हा उचलली. "चालेल. मठ्ठ बरेच असतात वर्गात."

उसवलेली बाही थोरल्या काकांच्या हातात होती. ते रंगमंचाकडे बघत होते, मग बायकोकडे, मग पुन्हा मंचाकडे. माणसाला आपलं घर अचानक मोठं दिसावं तसे त्यांचे डोळे झाले होते.

"ते रडण्याचं गाणं," शेवटी ते म्हणाले, "मी कधी ऐकलं नाही."

"कसं ऐकाल? सर्दी व्हायची तुम्हाला."

पोरं फिदीफिदी हसली. काकांनी त्यांच्याकडे डोळे वटारले नाहीत. ते शुयिनजवळ आले आणि पालथा पडलेला फोन त्यांनी स्वतःच सरळ करून तिच्या हातात दिला.

"लाव तुझ्या त्या बाईंना. देवघर दिलं म्हणावं. चोरी आहे तशी ठेव. आणि हिच्या बियाही ठेव."

"काका, खरंच?"

"पण एक अट आहे." आवाजात पुन्हा जुनी गुरगुर आली. "शहरातला कुणी गुळगुळीत नट येईल आणि सगळ्यांना दिसेल अशी गोटी उचलेल, ते मला खपणार नाही. आमचं काम असं नव्हतं. इतक्या डोळ्यांदेखत उचलली मी, कुणाला दिसली? हात कसा जायचा, कसा यायचा, ते त्याला मी शिकवणार."

शुयिन हसत हसत नंबर लावू लागली. पलीकडे घंटा वाजत होती.

काकूनं थाळीतून आणखी एक बी उचलली, दातांत धरली आणि ती म्हणाली, "आणि कोल्हीण करेल त्या पोरीला म्हणावं, हरायचं कसं ते माझ्याकडं ये शिकायला. ते याहून अवघड आहे."